एक गळा, तीन कामं: ब्राझीलच्या गायिका-अभिनेत्री आणि डबिंगची दुनिया

ब्राझीलमध्ये चित्रपटांचं डबिंग सुरू झालं ते एका गायिकेच्या आवाजाने, आणि त्या गायिकेच्या वाट्याला त्यात गाणं आलं नाही. डिस्नेच्या ‘स्नो व्हाइट’ची पोर्तुगीज आवृत्ती १९३८ मध्ये रिओ दि जानेरोत तयार झाली. पूर्ण लांबीचा डब झालेला पहिला चित्रपट म्हणून ब्राझीलमध्ये त्याचंच नाव घेतात. सूत्रं होती ‘जोआओ दे बारो’ या नावाने गीतं लिहिणाऱ्या ब्रागिन्या यांच्याकडे. कार्निव्हलच्या गाण्यांमुळे घराघरात पोचलेला हा माणूस. राजकन्येचे संवाद म्हणायला त्यांनी दाल्वा दे ओलिव्हेराला बोलावलं. गाणी मात्र मारिया क्लारा ताती जाकोमे या दुसऱ्या गायिकेने म्हटली. दाल्वा तेव्हा एकवीस वर्षांची होती. पुढे १९५१ मध्ये ती ‘रेडिओची राणी’ म्हणून निवडून आली आणि ब्राझीलच्या मोठ्या गायिकांमध्ये गणली गेली. असा गळा हाताशी असताना त्याच्याकडून घेतलं गेलं ते बोलणं. आज हे विचित्र वाटतं. पण गाणारा आवाज आणि बोलणारा आवाज ही दोन वेगळी कामं आहेत, ही समज ब्राझीलमध्ये पहिल्या दिवसापासून होती, असंही त्यातून दिसतं.

तिथून सुमारे ऐंशी वर्षांनी, जानेवारी २०१७ मध्ये, ‘मोआना’ ब्राझीलच्या चित्रपटगृहांत लागला. त्यात नायिकेचे संवादही आणि गाणीही एकाच मुलीची होती. ॲनी गाब्रिएली तिचं नाव, वय चौदा. या दोन टोकांच्या मध्ये एक मोठा प्रश्न पसरलेला आहे. गाणं, अभिनय आणि डबिंग ही तिन्ही कामं एकाच कलाकाराकडे येतात तेव्हा त्या कामांना काय मिळतं? आणि त्या कलाकाराच्या हाती काय उरतं? ब्राझीलकडे या प्रश्नाचं जितकं साहित्य आहे तितकं फार थोड्या देशांकडे असेल. माझं मत आधीच सांगून ठेवतो: रंगभूमीवर तयार झालेला गायक माइकसमोर तरतो, नुसत्या नावावर आलेला तरत नाही, आणि ज्यांची सुरुवात बालवयात होते त्यांच्या बाबतीत प्रश्न आवाजाइतकाच कमाईच्या मालकीचा असतो.

आधी ब्राझीलमध्ये डबिंगला काय जागा आहे ते पाहू. तिथे डबिंग हा दुय्यम उद्योग कधीच नव्हता. दूरचित्रवाणी आली तशी परदेशी मालिका, कार्टून आणि चित्रपट पोर्तुगीजमध्येच घराघरात पोचले. साओ पाउलो आणि रिओ ही दोन केंद्रं. रिओतल्या हर्बर्ट रिचर्स यांच्या स्टुडिओचं नाव तिथे डब झालेल्या प्रत्येक कार्यक्रमाच्या सुरुवातीला निवेदक उच्चारायचा, आणि ती ओळ ऐकत पिढ्या मोठ्या झाल्या. ‘स्कूबी डू’ला तीन दशकांहून अधिक काळ आवाज देणारे ओर्लांदो द्रुमोंद यांची गिनीज बुकात नोंद झाली. ते १०१ वर्षं जगले, २०२१ मध्ये गेले, तेव्हा देशाने एखादा मोठा नट गमवावा तसा शोक केला. हा आदर फक्त देशापुरता नव्हता. १९९४ च्या ‘लायन किंग’पर्यंत डिस्नेचे चित्रपट पोर्तुगालमध्येही ब्राझीलच्याच आवाजात दाखवले जात. लिस्बनमधल्या मुलांच्या कित्येक पिढ्यांनी परीकथा ऐकल्या त्या रिओच्या उच्चारात.

या व्यवसायाला कायद्याचा आधारही आहे, आणि पुढचे सगळे वाद समजून घ्यायचे तर तो लक्षात ठेवावा लागतो. २४ मे १९७८ चा ६५३३ क्रमांकाचा कायदा कलाकार आणि रंगमंचीय तंत्रज्ञ यांचे व्यवसाय नियमित करतो. डबिंग करणारा माणूस या चौकटीत अभिनेता ठरतो आणि त्याला कलाकार म्हणून नोंदणी लागते. याचा अर्थ साधा आहे: चांगला आवाज असला म्हणून कोणीही थेट स्टुडिओत शिरून काम करू शकत नाही, आधी अभिनय यावा लागतो. मला हा कायदा फार शहाणपणाचा वाटतो. कारण डबिंगची खोली ज्यांनी आतून पाहिली आहे त्यांना ठाऊक असतं की तिथे कलाकार एकटा असतो. समोर पडदा, हातात किंवा स्टँडवर संहिता, कानात मूळ भाषेतला आवाज, काचेपलीकडे दिग्दर्शक आणि ध्वनिमुद्रक. समोर सहकलाकार नसतो, प्रेक्षक नसतात. चित्रपट सुमारे वीस-वीस सेकंदांच्या तुकड्यांत विभागलेला असतो, प्रत्येक तुकड्यात ओठ जुळवायचे, श्वास जुळवायचे, धाप, हुंदका, पाण्यात पडतानाची किंकाळी, सगळं द्यायचं. मोबदला तासाप्रमाणे. पूर्वी सगळे कलाकार एका माइकभोवती उभे राहून प्रसंग रंगवत. तंत्रज्ञान बदललं तसा प्रत्येक जण एकेकटा मुद्रित होऊ लागला, आणि कल्पनेचा भार आणखी वाढला.

गाण्याचं काम त्याहून कठीण. ओळी चालीत बसायला हव्यात, ओठांवर बसायला हव्यात आणि पोर्तुगीजमध्ये ऐकायला सहजही वाटायला हव्यात. उंच सुरावर तोंड मोकळं उघडणारा स्वर हवा. अनुनासिक स्वरांनी भरलेल्या त्या भाषेत भाषांतरकाराची इथे खरी परीक्षा होते. म्हणूनच अनेक वर्षं संवाद एकाचे आणि गाणं दुसऱ्याचं ही वाटणी चालत राहिली. ‘फ्रोझन’मध्ये अ‍ॅनाचे संवाद एरिका मेनेझेसचे आहेत आणि गाणी गाबी पोर्तोची. त्याच चित्रपटात एल्सा मात्र दोन्ही अंगांनी तारिन श्पिलमनची. तारिनचं घर संगीताचं. वडील मार्कोस श्पिलमन यांच्या रिओ जॅझ ऑर्केस्ट्रात ती गात आली होती. जॅझमध्ये मुरलेली ही गायिका एल्साच्या गाण्यामुळे लहान मुलांच्या जगात पोचली. तिची एल्सा ऐकताना गाण्यात शिरण्याआधीच्या बोलण्यातही तोच ताण जाणवतो, सांधा कुठे दिसत नाही.

आता दुसरा प्रवाह. गाणाऱ्या, अभिनय करणाऱ्या मुलींचा कारखाना ब्राझीलच्या दूरचित्रवाणीने १९८० च्या दशकात उभा केला. ग्लोबो वाहिनीवर १९८३ पासून ‘बालाओ माजिको’ हा मुलांचा कार्यक्रम लागायचा. त्यातली छोटी सिमोनी देशाची लाडकी झाली. त्या मुलांच्या गटात गायक जाइर रॉड्रिग्स यांचा मुलगा होता, आणि ब्रिटनमधल्या गाजलेल्या रेल्वे दरोड्यातला फरारी रॉनल्ड बिग्ज याचा मुलगा माइकही होता. १९८६ मध्ये त्याच वाहिनीवर शूशाचा कार्यक्रम सुरू झाला आणि १९९२ पर्यंत चालला. सकाळचा कार्यक्रम, गाण्यांची तबकडी, सुट्टीत चित्रपट, दुकानात बाहुली: एकच चेहरा चारही ठिकाणी. तिच्या १९८८ च्या अल्बमच्या तीस लाखांहून अधिक प्रती खपल्या. गायिका म्हणून शूशाची ताकद मर्यादित होती, पण पुढच्या सगळ्या कारकिर्दींचा आराखडा तिनेच आखून दिला, हे मान्य करावंच लागतं.

सँडीची गोष्ट वेगळी. ती घराण्यातून आली. वडील शोरोरो हे ‘सेर्तानेझो’ म्हणजे ग्रामीण ढंगाच्या लोकप्रिय संगीतातल्या नामांकित जोडीतले. भाऊ ज्युनियरबरोबर तिचा पहिला अल्बम १९९१ मध्ये आला, १९९९ पासून दोघांच्या नावाची मालिका ग्लोबोवर लागली, २००१ मध्ये ती ‘एस्त्रेला-गिया’ या तेलेनोव्हेलाची, म्हणजे दैनंदिन मालिकेची, नायिका झाली, २००३ मध्ये ‘अक्वारिया’ हा चित्रपट आला. २००७ मध्ये भावंडांनी जोडी थांबवली, आणि २०१९ मध्ये एकत्र दौरा केला तेव्हा स्टेडियमं भरली. सँडीची अभिनयातली वाट लवकर संपली. गळा मात्र टिकला. मला वाटतं, हे तिने स्वतः ओळखलं होतं.

यानंतरची पिढी एसबीटी वाहिनीच्या ‘कारोसेल’ मालिकेतून आली. मूळ मेक्सिकन मालिकेची ही २०१२ ची ब्राझिलियन आवृत्ती. शाळेचा वर्ग, त्यातली मुलं, त्यांची गाणी, त्यांचे दौरे. लारिसा मानोएला आणि मायसा सिल्वा या दोघी त्यातल्याच. त्यांच्याकडे पुढे परत येतो, कारण त्या दोघींमुळे ब्राझीलला स्वतःला काही अवघड प्रश्न विचारावे लागले.

ॲनी गाब्रिएली या कारखान्यातून आली नाही, आणि माझ्या मते तिच्या कारकिर्दीचं मर्म इथेच आहे. तिचा जन्म ९ ऑक्टोबर २००२ चा, साओ पाउलोला लागून असलेल्या ग्वारुल्योस शहरातला. विमानतळासाठी ओळखलं जाणारं, कामगारवस्तीचं मोठं शहर. ‘लायन किंग’ हे संगीतनाटक २०१३ मध्ये साओ पाउलोच्या रेनॉ नाट्यगृहात आलं. गाण्यांचे पोर्तुगीज शब्द होते जिल्बेर्तो जिल यांचे, म्हणजे ब्राझीलच्या संगीतातल्या एका थोर माणसाचे. त्या नाटकात लहान नालाची भूमिका करणाऱ्या मुलींपैकी ॲनी एक होती. अशा निर्मितीत मुलाला रोज रात्री त्याच ठिकाणी, त्याच सुरात, त्याच ऊर्जेने उभं राहावं लागतं. गाताना नाचायचं, नाचताना संवाद म्हणायचे, आणि श्वास तुटू द्यायचा नाही. दूरचित्रवाणीवर चुकलं तर दृश्य पुन्हा घेतात. नाटकात ती सोय नाही.

म्हणून ‘मोआना’ तिच्याकडे आली तेव्हा ती तयार होती. मूळ इंग्रजीत हवाईची आउली क्राव्हालो ही किशोरवयीन मुलगी होती. ब्राझिलियन मोआनात ऐकण्यासारखं बरंच आहे. आजीशी बोलताना तिचा आवाज खाली उतरतो, समुद्राशी भांडताना खरखरतो, विनोदी प्रसंगांत शब्द एकमेकांवर आदळतात. आणि मुख्य गाण्यात ती सुरुवात जवळजवळ बोलल्यासारखी करते, वरचा सूर येईपर्यंत सगळी ताकद राखून ठेवते. चौदा वर्षांच्या मुलीला हा संयम रंगमंचाने शिकवला, यात मला शंका नाही. पोर्तुगालमध्ये हाच चित्रपट ‘वायाना’ या नावाने, तिथल्या स्वतंत्र आवाजात आला. १९९४ पूर्वीचे दिवस असते तर तिथेही ॲनीच ऐकू आली असती.

‘मोआना’ आला त्याच वर्षाच्या अखेरीस ॲनीच्या आयुष्याने वेगळं वळण घेतलं. ‘स्पाइस गर्ल्स’चे व्यवस्थापक आणि ‘आयडॉल’ कार्यक्रमांचे जनक सायमन फुलर यांनी ‘नाऊ युनायटेड’ हा आंतरराष्ट्रीय पॉप गट उभा केला. प्रत्येक देशातून एक कलाकार ही कल्पना. ब्राझीलकडून ॲनी, भारताकडून शिवानी पालीवाल. पहिलं गाणं २०१७ च्या अखेरीस आलं. पुढे या गटाने रॅपर बादशाहबरोबरही एक गाणं केलं, त्यामुळे आपल्याकडच्या काही तरुणांना ॲनीचा चेहरा माहीत असेल, मोआनाचा संदर्भ माहीत नसला तरी. गटाला सर्वांत मोठं प्रेम ब्राझीलने दिलं. ॲनीसाठी मात्र हा काळ दुहेरी होता, असं तिची गाणी ऐकून वाटतं. एवढ्या मोठ्या गटात प्रत्येकाच्या वाट्याला गाण्याच्या मोजक्या ओळी येतात. ज्या मुलीने पूर्ण चित्रपट गळ्यावर पेलला, तिला इथे काही सेकंदांत ठसा उमटवायचा होता. ती तो उमटवायची. वरच्या पट्टीतल्या ओळी बहुधा तिच्याकडेच जात. पण आवाजातून पात्र घडवण्याचं जे कसब तिच्याकडे होतं, त्याला त्या गटात जागा नव्हती. पुढे तिने एकल गायिकेची वाट धरली. आणि नोव्हेंबर २०२४ मध्ये ‘मोआना २’ ब्राझीलमध्ये आला तेव्हा आवाज पुन्हा तिचाच होता. वय बावीस, आणि पात्रही तिच्याबरोबर मोठं झालेलं. पॉपची लोकप्रियता वरखाली होत राहते. पात्राशी जुळलेला आवाज निर्माते सहसा बदलत नाहीत. डबिंगने तिला दिलेली ही स्थिरता पॉपने दिली नसती.

ईझाही डबिंगमध्ये आली, पण उलट दिशेने. रिओच्या ओलारिया भागातली ही गायिका २०१८ च्या ‘दोना दे मिम’ या अल्बमने मोठी झाली होती. २०१९ च्या नव्या ‘लायन किंग’मध्ये तिने नालाला आवाज दिला, मूळ इंग्रजीत ते काम बियॉन्सेचं होतं. सिम्बा होता ईकारो सिल्वा, संगीतनाटकांत मुरलेला नट. तिची गाणी दमदार आहेत, संवाद ठीक आहेत. असं म्हणण्यात तिचा अपमान नाही. पण ॲनीचं आणि तिचं काम लागोपाठ ऐकलं की प्रशिक्षणाचा फरक कळतो.

जिथे फसलं ती उदाहरणं अधिक बोलकी आहेत. ‘टँगल्ड’ २०११ च्या जानेवारीत ब्राझीलमध्ये आला तेव्हा नायकाचे संवाद लुसियानो हक या लोकप्रिय सूत्रसंचालकाने म्हटले होते. गाणी राफाएल रोसातोची. प्रेक्षकांनी हकचं काम इतकं नापसंत केलं की आजही वाईट डबिंगचं उदाहरण म्हणून तेच दिलं जातं. त्याच चित्रपटात रापुन्झेलचे संवाद आणि गाणी दोन्ही सांभाळणारी सिल्विया सालुस्ती आहे, त्यामुळे तुलना प्रत्येक दृश्यात समोर येते. २०१५ मध्ये व्हिडिओ गेमच्या क्षेत्रात हेच घडलं. ‘बॅटलफील्ड हार्डलाइन’च्या नायकाला रॉक गायक रॉजर मोरेराचा आवाज दिला, ‘मॉर्टल कॉम्बॅट एक्स’मधल्या कॅसी केजला रॉक गायिका पिटीचा. दोघंही आपापल्या क्षेत्रात मोठे. पिटीचा गळा तर ब्राझिलियन रॉकमधल्या उत्तम गळ्यांपैकी. तरीही खेळणाऱ्यांनी दोन्ही कामांवर कडाडून टीका केली, आणि ती रास्त होती. वाक्य सपाट, राग उसना, मारामारीतल्या हुंकारात जीव नाही. गाणारा कलाकार लय पकडतो, सूर पकडतो. पण चाल नसलेल्या वाक्यात समोरच्या माणसाला उत्तर देणं हे नटाचं काम आहे. दोष पिटीला देण्यापेक्षा तिच्या नावावर जाहिरात करू पाहणाऱ्या विक्री विभागाला द्यायला हवा.

माझ्या मताला छेद देणारं एक उदाहरण प्रामाणिकपणे मांडायला हवं. ‘श्रेक’ला ब्राझीलमध्ये आवाज दिला बुसुंदा या विनोदवीराने. तो डबिंगचा माणूस नव्हता, नाव पाहूनच घेतला होता, आणि तरीही तो श्रेक अविस्मरणीय झाला. २००६ च्या विश्वचषकाच्या वेळी जर्मनीत त्याचं निधन झालं. पुढच्या भागांत ती जबाबदारी माउरो रामोस या मुरलेल्या डबिंग नटाने घेतली. पण बुसुंदा वर्षानुवर्षं पात्रं रंगवत आलेला होता. प्रसिद्ध असणं त्याच्या आड आलं नाही, कारण प्रसिद्धीच्या मागे अभिनय होता.

आता पैशाकडे. ब्राझीलमध्ये सोळा वर्षांखालच्या मुलांना काम करायला बंदी आहे. शिकाऊ उमेदवारीला चौदापासून मुभा. कलाक्षेत्रातल्या मुलांसाठी न्यायाधीशाची परवानगी लागते. ही परवानगी कागदावरची औपचारिकता नसल्याचं २००९ मध्ये दिसलं. मायसा सिल्वा तेव्हा सहा-सात वर्षांची होती. एका लोकप्रिय कार्यक्रमात ती रडली, देशाने ते पाहिलं, आणि त्या कार्यक्रमात काम करण्याची तिची परवानगी न्यायालयाने काढून घेतली. मुलीच्या अश्रूंवर टाळ्या घेणाऱ्या माध्यमाला कोणीतरी थांबवलं, हे मला अतिशय महत्त्वाचं वाटतं.

लारिसा मानोएलाचं प्रकरण त्याहून खोल गेलं. ‘कारोसेल’नंतर २०१५ मध्ये ‘कुम्प्लिसेस दे उम रेसगाते’ या मालिकेत तिने जुळ्या बहिणींच्या दोन्ही भूमिका केल्या, त्यातली गाणी गायली, दौरे केले. मग नेटफ्लिक्सचे चित्रपट, २०२२ मध्ये ग्लोबोच्या तेलेनोव्हेलाची नायिका. ऑगस्ट २०२३ मध्ये ‘फान्तास्तिको’ या कार्यक्रमातल्या मुलाखतीत तिने सांगितलं की आपल्या कमाईवर आपलाच ताबा नव्हता. एका कंपनीत तिचा वाटा अवघा दोन टक्के होता. सुमारे १ कोटी ८० लाख रियालची मालमत्ता आईवडिलांकडे सोडून तिने स्वतंत्र व्यवहार सुरू केला. आईवडिलांची बाजू वेगळी होती आणि त्या घरातला न्याय करण्याचा अधिकार आपल्याला नाही. पण त्या मुलाखतीनंतर बालकलाकारांची कमाई सुरक्षित ठेवण्यासाठी ब्राझीलच्या संसदेत विधेयकं मांडली गेली आणि लोक त्यांना लारिसाच्या नावाने ओळखू लागले. बालपणापासून गाणाऱ्या, अभिनय करणाऱ्या, आवाज देणाऱ्या प्रत्येक मुलीचा हा प्रश्न आहे. कौशल्य तिचं, मेहनत तिची. मग खातंही तिच्या नावावर असायला हवं आणि ती सज्ञान होईपर्यंत त्याला कोणाचा हात लागू नये.

या सगळ्यावर आता कृत्रिम बुद्धिमत्तेचं सावट आहे. ब्राझीलच्या डबिंग कलाकारांनी ‘दुब्लाजेम व्हिव्हा’, म्हणजे जिवंत डबिंग, या नावाने चळवळ उभारून यंत्राने तयार केलेल्या आवाजांवर कायद्याची बंधनं मागितली आहेत. गायिकांसाठी हा धोका दुपटीचा आहे. त्यांच्या गाण्यांतून गळा आधीच मुबलक उपलब्ध असतो, संवादांतून बोलणंही. मोआनाचे दोन भाग हाती असताना तिसऱ्यासाठी ॲनीला बोलवायचं कशाला, असं उद्या एखादा हिशेबनीस म्हणू शकतो. त्याला उत्तर कायद्यानेच द्यावं लागेल, प्रेक्षकांच्या प्रेमावर ते सोडून चालणार नाही.

आपल्याकडे याच प्रश्नाचं एक चांगलं उदाहरण आहे. श्रेयस तळपदेने २०१९ च्या हिंदी ‘लायन किंग’मध्ये टिमॉनला आवाज दिला, आणि २०२१ मध्ये हिंदी ‘पुष्पा’तल्या अल्लू अर्जुनला. नाव प्रसिद्ध होतं, पण चाललं ते नाटक आणि मालिकांमधून घडलेल्या अभिनयामुळे. ब्राझीलचा अनुभव आणि आपला अनुभव इथे एकच गोष्ट सांगतात. मराठीत डब झालेले चित्रपट आता दूरचित्रवाणीवर नेहमी दिसतात, आणि त्यांतल्या बहुतेक आवाजांची नावं प्रेक्षकांपर्यंत पोचतही नाहीत. वाहिन्यांनी आणि ओटीटी कंपन्यांनी प्रत्येक डब चित्रपटाच्या शेवटी मराठी आवाजांची पूर्ण नामावली वाचता येईल इतका वेळ दाखवावी, आणि त्यात लहान मुलं असतील तर त्यांचं मानधन त्यांच्याच नावाने जमा व्हावं. वाचकांनी ही मागणी वाहिन्यांकडे लेखी करावी, अशी माझी विनंती आहे.